माल आपला, कागद कोणाचा?

नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे दादाजी खोब्रागडे यांचे नाव ऐकले नाही असा धानवाला शेतकरी आपल्या जिल्ह्यात विरळाच. जेमतेम दीड एकराचा धनी. १९८३ साली पटेल-३ जातीच्या बांधीत त्यांना काही लोंबी वेगळ्या दिसल्या. त्या त्यांनी बाजूला ठेवल्या, दुसऱ्या वर्षी वेगळ्या पेरल्या, पुन्हा निवडल्या. असे कैक हंगाम केले. तेव्हा कुठे तो बारीक दाण्याचा, खायला गोड धान हाती आला. त्या काळी एचएमटीच्या घड्याळाची चलती होती, त्यावरून बाजारात त्या धानालाही एचएमटी हेच नाव पडले. १९९४ मध्ये सिंदेवाहीच्या धान संशोधन केंद्राला त्यांनी बियाणे दिले आणि १९९८ मध्ये कृषी विद्यापीठाकडून 'पीकेव्ही एचएमटी' हे वाण आले. दादाजींचे सत्कार पुष्कळ झाले, पुरस्कारही मिळाले. पण देशभर गेलेल्या त्या धानापोटी हक्काचा म्हणून पैसा त्यांच्या घरात आला नाही. ३ जून २०१८ रोजी ते वारले. शेवटच्या दुखण्यात उपचाराच्या पैशासाठी कुटुंबाची किती ओढाताण झाली, ते वर्तमानपत्रांतून आपण वाचलेच आहे.

यात दादाजींची चूक काढायला मी बसलो नाही. त्यांनी बियाणे दिले तेव्हा शेतकऱ्याच्या वाणाला संरक्षण देणारा कायदाच देशात नव्हता. तो २००१ साली झाला. आता शेतकऱ्याने तयार केलेल्या वाणाची नोंदणी त्याच्या स्वतःच्या नावावर होते, त्यासाठी त्याच्याकडून फी घेत नाहीत, आणि धानासारख्या पिकाला पंधरा वर्षांपर्यंत संरक्षण मिळते. सांगायचे ते वेगळेच आहे. दादाजींच्या वेळी कायदा नव्हता. आज कायदे आहेत, आणि तरी आपण आपला माल, आपले पैसे, आपली सही तशीच तोंडी विश्वासावर दुसऱ्याच्या हाती देतो.

आपल्या पोंभुर्णा भागात गेल्या काही वर्षांत धंद्याची हवा चांगली आहे. अगरबत्ती, बांबूकाम, कुक्कुटपालन, तांदळाची पॅकिंग, मध, मोहाचे लाडू, गांडूळ खत. बचत गटाच्या बाया आणि शिकलेली पोरे यात उतरली आहेत. प्रशिक्षण होते, कर्ज मिळते, यंत्र येते. कागदाचा विषय निघाला की मात्र सगळे म्हणतात, "पाहू ना सायब, धंदा तं सुरू होऊ द्या." मी कृषी पदविकेचा माणूस, वकील नव्हे. पण गावोगाव फिरताना त्याच त्या चुका पाहून आता त्या लिहून काढाव्या असे वाटले.

आधी एक खरी हकिगत सांगतो. गाव सांगत नाही आणि नावेही सांगत नाही.

तिघे मित्र. एकाची जागा, एकाचा पैसा, तिसऱ्याच्या अंगी मेहनत. त्यांनी मिनी राईस मिल टाकली. भागीदारीचा लेखही केला, शंभराच्या स्टॅम्पवर, नोटरीच्या शिक्क्यानिशी. त्या लाल शिक्क्यावर तिघांचा भारी विश्वास. दोन हंगाम मिल बरी चालली. तांदूळ, कनकी, कोंडा, सगळ्यालाच गिऱ्हाईक होते. तिसऱ्या हंगामात बाहेरगावच्या एका व्यापाऱ्याकडे चार लाखांच्या वर उधारी थकली. त्याने एक चेक दिला होता, तो परत आला. "पुढच्या आठवड्यात नक्की" म्हणत व्यापाऱ्याने तीन महिने काढले. मग तिघे चंद्रपूरला वकिलाकडे गेले.

वकिलाने पहिलाच प्रश्न केला, फर्मची नोंदणी आहे का? यांनी नोटरीचा कागद पुढे केला. तिथेच गाडी अडली. नोटरीचा शिक्का म्हणजे नोंदणी नव्हे. भागीदारी संस्थेची नोंदणी भागीदारी संस्थांच्या निबंधकाकडे होते, आणि १९३२ च्या भागीदारी कायद्याचे कलम ६९ म्हणते की नोंदणी नसलेल्या फर्मला करारातले येणे वसूल करण्यासाठी बाहेरच्या माणसावर दावा लावता येत नाही. शंभर रुपयांपर्यंतच्या येण्याला तेवढी सूट आहे. तुमचा माल गेला, बिल आहे, समोरचा तोंडाने कबूलही करतो, तरी कोर्टाची पायरी बंद. उलट त्या व्यापाऱ्याला यांच्यावर दावा लावायचा असता तर त्याला कसलीही आडकाठी नव्हती. कायद्याची ही बाजू मला पहिल्यांदा कळली तेव्हा मलाही खरे वाटले नव्हते.

चेकचीही वेळ निघून गेली होती. चेक न वटता परत आल्याचे बँकेकडून कळल्यापासून तीस दिवसांच्या आत लेखी नोटीस द्यावी लागते. ती मिळाल्यावर समोरच्याला पंधरा दिवस असतात. त्यात पैसे आले नाहीत तर पुढच्या एका महिन्यात तक्रार दाखल करायची. हे दिवस मोजून आहेत. "देतो, देतो" ऐकत बसलेल्या माणसाचा पहिला तीस दिवसांचा टप्पा केव्हा सरतो ते त्याला कळतही नाही. यांनी नोटीस दिलीच नव्हती आणि परत बँकेत टाकावा तर त्या चेकची मुदतही संपलेली.

मग त्यांनी नोंदणी करायला घेतली. तेवढ्यात पैसेवाला मित्र फर्ममधून निघाला. "माझे मला द्या, मी चाललो," म्हणाला. मिलवर बँकेचे कर्ज होते. बँकेने उरलेल्या दोघांना बोलावले तेव्हा ते म्हणाले, आमच्या हिश्श्याचे दोन तृतीयांश आम्ही भरतो. बँकेने मान हलवली. भागीदारीत देणे वाटून येत नाही. पूर्ण कर्ज कोणाही एका भागीदाराकडून वसूल होऊ शकते, मग त्याने आपसात इतरांकडून घ्यावे. ज्याची जागा होती त्याच्या बापाची झोप उडाली, कारण जागेचा सातबारा त्याच्या नावाने. म्हातारा माझ्याकडे येऊन बसला होता. "सायब, पोरानं धान भरडला, मी तं सही बी केली नाई, मंग माहा वावर कायले मांगून राह्यले?" सही त्याने केली होती. गहाणखतावर. कागद वाचून कोणी दाखवला नव्हता.

शेवटी नोंदणी झाली आणि दावा लागला, पण उधारीच्या वसुलीला कायद्याने तीन वर्षांची मुदत असते. पहिल्या दोन बिलांची मुदत तोवर उलटून गेली होती. ती गेलीच. बाकीच्या बिलांवर प्रकरण चालू आहे.

या मुदतीवर एक साधा उपाय आहे आणि तो फुकट आहे. तीन वर्षे संपायच्या आत उधारीच्या पानावर "एवढी रक्कम देणे आहे" असे लिहून देणेकऱ्याची तारखेसह सही घेतली की तिथून नवी तीन वर्षे सुरू होतात. आपले जुने किराणा दुकानदार दिवाळीला वही घेऊन गिऱ्हाइकाच्या घरी जात, चहा पीत आणि सही घेत. ती नुसती चहाची भेट नव्हती.

या तिघांकडे आणखी एक कागद होता, 'उद्यम'चे प्रमाणपत्र. १ जुलै २०२० पासून लहान उद्योगांची ही नोंदणी केंद्र सरकारच्या संकेतस्थळावर होते आणि तिला एक पैसाही लागत नाही. यांनी एका एजंटाला दीड हजार दिले, आणि त्याने प्रमाणपत्र काढले ते एका भागीदाराच्या जुन्या किराणा दुकानाच्या नावाने. मिलच्या फर्मचा त्यात पत्ताच नाही. हा कागद नीट असता तर फार कामाचा होता. २००६ च्या कायद्याप्रमाणे नोंदणी असलेल्या सूक्ष्म किंवा लघु उद्योगाकडून माल घेणाऱ्याने ठरलेल्या दिवशी, आणि जास्तीत जास्त पंचेचाळीस दिवसांत पैसे द्यायचे असतात. नाही दिले तर रिझर्व्ह बँकेच्या बँकदराच्या तिप्पट दराने, महिन्या-महिन्याला चक्रवाढ होणारे व्याज लागते. थकलेल्या पैशासाठी वेगळी परिषद आहे, तिच्याकडे अर्ज करता येतो. मात्र नोंदणी माल देण्याआधीची हवी. मागाहून केलेल्या नोंदणीवरून भांडणे सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आहेत, त्या वाटेला आपण कशाला जावे? फर्मचा वेगळा पॅन काढा आणि त्याच पॅनवर 'उद्यम' घ्या.

स्टॅम्पचेही बदलले आहे. ऑक्टोबर २०२४ पासून राज्यात शंभराच्या जागी पाचशेचा मुद्रांक लागतो. जुना शंभराचा कागद घरात पडला आहे म्हणून त्यावर आज करार लिहू नका. मुद्रांक कमी असलेला कागद, दंडासह फरक भरल्याशिवाय, कोर्ट पुरावा म्हणून घेत नाही.

आता माझ्या स्वतःच्या चुकीबद्दल. एका गटाच्या बायांना मी दशपर्णी अर्क करायला शिकवला. निंब, सीताफळ, करंज, रुई, सगळे गावातच मिळते. त्यांनी हौसेने केला, शेजारच्या दोन गावांनी मागणी केली. पुढच्या महोत्सवात पाहतो तर अर्क बाटल्यांत भरलेला, बाटलीवर छापील चिठ्ठी, आणि चिठ्ठीवर ठळक अक्षरात 'कीटकनाशक'. खाली माझ्याच प्रशिक्षणाची तारीख! मी घामाघूम झालो. आपल्या वावरात फवारायला अर्क करा, कोणी काही म्हणत नाही. पण कीटकनाशक म्हणून बाटलीत भरून विकायचे तर १९६८ च्या कायद्याने त्याची नोंदणी आणि विक्रीचा परवाना लागतो. अध्यक्षताई म्हणाल्या, "तुमीच तं शिकवलं होतं ना भाऊ." खरे होते. करायचे कसे ते मी शिकवले होते, विकायचे कसे याबद्दल एक शब्द बोललो नव्हतो. बाटल्या तिथेच पोत्यात भरल्या. त्या दिवसापासून माझ्या प्रत्येक प्रशिक्षणाचा शेवटचा अर्धा तास परवान्याचा असतो, लोक जांभया देतात तरी.

गांडूळ खताचेही तेच. शेजाऱ्याला दोन टोपल्या दिल्या तर गोष्ट वेगळी. थैलीत भरून, नाव छापून, दुकानातून विकायचे म्हटले की १९८५ चा खत नियंत्रण आदेश लागू होतो, कारण गांडूळ खताचे प्रमाण त्यात ठरवून दिले आहे. बियाण्याबाबत तर गैरसमज फारच. शेतकऱ्याला आपल्या घरचे बियाणे ठेवता येते, पेरता येते, बदली देता येते, विकताही येते. २००१ च्या त्याच कायद्याने हा हक्क दिला आहे. अट इतकीच की संरक्षित वाणाचे बियाणे छापील थैलीत, नाव-लेबल लावून विकायचे नाही. गटाने 'सुधारित बियाणे' म्हणून थैली छापली आणि विकायला ठेवली की १९८३ च्या बियाणे नियंत्रण आदेशाखाली परवाना हवा. थैली छापण्याआधी तालुका कृषी कार्यालयात एक चक्कर मारा. छापून झाल्यावर मारली तर थैल्यांचे पैसे गेले समजा.

बांबूच्या बाबतीत आपल्या भागाला मोठा इतिहास आहे. गडचिरोली जिल्ह्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. जंगल गावाच्या ताब्यात आले, बांबूही आपलाच झाला. तरी तो गावाबाहेर नेण्याचा पास ग्रामसभेच्या हाती यायला २७ एप्रिल २०११ उजाडला. तत्कालीन केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांनी गावात येऊन पासबुक ग्रामसभेला दिले. मालकी एक आणि वाहतुकीचा कागद दुसरा, हे त्या दोन वर्षांनी शिकवले. आपल्या शेजारच्या गोंडपिपरी तालुक्यातल्या पाचगावला २०१२ मध्ये हक्क मिळाला आणि ती ग्रामसभा आपला बांबू स्वतः विकू लागली. पुढे २०१७ मध्ये कायदा बदलून जंगलाबाहेर, म्हणजे शेतात-बांधावर वाढलेला बांबू 'झाड' या व्याख्येतून काढला. यावरून आमच्या पोरांनी समज करून घेतला की आता बांबू मोकळा झाला, कुठूनही आणा. तसे नाही. जंगलातल्या बांबूला कागद लागतोच. तुम्ही काड्या पाडत असाल, सूप-टोपल्या विणत असाल किंवा खुर्च्या करत असाल, बांबू देणाऱ्याकडून बिल घ्या. शेतातला असेल तर कोणाच्या शेतातला ते लिहून घ्या, ग्रामसभेचा असेल तर पासाची प्रत ठेवा. नाक्यावर गाडी थांबली की "मी तर पैसे देऊन घेतला" याला किंमत नसते.

खाण्याच्या पदार्थांचे थोडक्यात सांगतो. पापड, लोणचे, मध, लाडू, पॅकबंद तांदूळ, यातले काहीही विकायचे तर अन्न सुरक्षा कायद्याखाली नोंदणी हवी. २०११ च्या नियमांनी वर्षाला बारा लाखांपर्यंत उलाढाल असणाऱ्यांसाठी शंभर रुपये वार्षिक फीची साधी नोंदणी ठेवली, म्हणजे पैशाची अडचण नव्हतीच. अडचण आळसाची. एका ठिकाणी तर दुसऱ्याच गटाचा चौदा आकडी क्रमांक आपल्या पाकिटावर छापलेला पाहिला. "त्या ताई आमच्या नात्यातल्याच हाय," असे उत्तर मिळाले. नाते असले म्हणून क्रमांक चालत नाही. पाकिटावर वजन, किंमत, तयार केल्याचा महिना-वर्ष, पूर्ण पत्ता आणि तक्रारीसाठी फोन नंबर हवा. इलेक्ट्रॉनिक काट्यावर दरवर्षी वैधमापनचा शिक्का मारून घ्यावा लागतो, तोही बहुतेकांचा जुनाच असतो.

तांदूळ पॅक करणाऱ्यांनी आणखी एक ध्यानात घ्यावे. १८ जुलै २०२२ पासून पंचवीस किलोपर्यंतच्या लेबल लावलेल्या पॅकबंद तांदळावर पाच टक्के जीएसटी आहे, सुट्यावर नाही. राज्यातल्या राज्यात मालाची उलाढाल चाळीस लाखांच्या आत असेल तर नोंदणीची सक्ती नाही. पण आपल्याला तेलंगणा जवळ, कागजनगरचा बाजार हाताशी. कराचा माल राज्याबाहेर विकला की चाळीस लाखांची सूट संपते, पहिल्याच पोत्यापासून नोंदणी लागते. हा फरक गाडी भरायच्या आधी समजून घ्यावा.

शेतकरी उत्पादक कंपन्यांबद्दल लिहिताना मला थोडा रागच येतो. अनुदानाच्या आशेने दहा जण जमवून कंपनी काढायची आणि अनुदान लांबले की कपाटात ठेवून द्यायची, असे चालले आहे. "कंपनी चालूच नाई तं हिशेब कायचा द्याचा?" असा सवाल येतो. द्यावाच लागतो. एक रुपयाचा व्यवहार नसला तरी दरवर्षी ताळेबंद आणि वार्षिक विवरण अशी दोन पत्रके कंपनी निबंधकाकडे भरायची असतात. १ जुलै २०१८ पासून उशिराची फी प्रत्येक पत्रकामागे दर दिवसाला शंभर रुपये झाली. दोन पत्रके एक वर्ष राहिली की त्र्याहत्तर हजार होतात, आणि ती कुठे थांबत नाही. सलग तीन वर्षे भरली नाहीत तर संचालक पाच वर्षांसाठी अपात्र. २०१७ मध्ये देशभरात लाखोंनी संचालक असे अपात्र ठरले होते. उत्पादक कंपनीची पहिली वार्षिक सभा तर स्थापनेपासून नव्वद दिवसांत घ्यायची असते. हे कंपनी काढून देणारा सांगत नाही, कारण तोवर त्याची फी मिळालेली असते. संचालक म्हणून सही करण्याआधी ताई-भाऊंनी एवढेच विचारावे की दरवर्षीचा हिशेब कोण भरणार आणि त्याचे पैसे कुठून येणार.

बचत गटांत एक चूक घरचीच म्हणावी अशी. गटाच्या कर्जातून यंत्र येते आणि बिल फाटते अध्यक्षताईंच्या किंवा त्यांच्या यजमानांच्या नावाने. दोन-तीन वर्षांत गटात वाद होतो आणि यंत्र त्यांच्या पडवीत राहते. हप्ते मात्र दहा जणी भरतात. बिल गटाच्या नावाने घ्या, ठराव वहीत लिहा, सगळ्यांच्या सह्या घ्या. अंगठा असेल तर वाचून दाखवल्याचे साक्षीदाराने लिहावे.

पाकिटावरचे नावही आपलेच असू द्या. मोठ्या कंपनीच्या नावातले एक अक्षर बदलून ठेवलेले नाव आज गंमत वाटते, उद्या नोटीस येते. आपले नाव चांगले चालू लागले की त्याचा ट्रेडमार्क करून घ्या. एकट्या माणसाला किंवा लहान उद्योगाला ऑनलाइन अर्जाची फी एका वर्गाला साडेचार हजार आहे, आणि नोंदणी दहा वर्षे चालते. मुंबईला जावे लागत नाही.

"सायब, वकिलाले पैसे कुठून आनाचे?" हा प्रश्न दर बैठकीत येतोच. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना, त्यांचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. आपल्या तालुक्यात बचत गट चालवणारी एकही बाई यातून सुटत नाही. चंद्रपूरच्या जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय आहे, १५१०० या क्रमांकावर फोनही करता येतो. अर्ज साध्या कागदावर चालतो. जाताना बिले, उधारीची वही, चेक परत आल्याची बँकेची चिठ्ठी आणि कराराची मूळ प्रत सोबत न्या. मूळ प्रत कोणाच्याही हाती देऊन येऊ नका, झेरॉक्स द्या, आणि दिल्याची पोच घ्या.